लेटेंट टीबी आणि नोकरी: शिफ्ट सांभाळून गोळ्यांचा कोर्स कसा पुरा करायचा

घरात कुणाला फुप्फुसाचा टीबी निघाला की आरोग्य केंद्रातून बाकीच्यांनाही बोलावणं येतं. एक्स-रे होतो, कधी संसर्ग शोधणारी मॉंटू (कातडीत टोचून) किंवा रक्ताची इग्रा टेस्ट होते, आणि काहीही त्रास नसलेल्या माणसाच्या हातात गोळ्यांची पाकिटं पडतात. त्यात कमावता जो असतो त्याला लगेच प्रश्न पडतात: कामावर जायचं की नाही, साहेबांना सांगायचं का, रजा लागेल का. ठाण्याची वागळे इस्टेट असो, नवी मुंबईच्या टीटीसी औद्योगिक पट्ट्यातले कारखाने असोत, वाशीचं एपीएमसी मार्केट किंवा ऐरोलीचं आयटी ऑफिस, उत्तरं सगळीकडे जवळपास सारखीच आहेत.

पहिलं उत्तर: कामावर जा. लेटेंट टीबी म्हणजे टीबीचे जंतू शरीरात शिरलेत, पण प्रतिकारशक्तीने त्यांना दाबून ठेवलंय. खोकला नाही, ताप नाही, एक्स-रे साफ. अशा माणसाकडून दुसऱ्याला लागण होत नाही. ठाणे–वाशी लोकलमधल्या शेजाऱ्याला नाही, कॅन्टीनमध्ये एका टेबलावर जेवणाऱ्याला नाही, घरातल्या तान्ह्या बाळालाही नाही. वेगळं ताट, वेगळा ग्लास, तोंडावर मास्क, यातलं काहीही तुमच्यामुळे लागत नाही. आणि तुम्ही एकटेही नाही. २०१९ ते २०२१ या काळात झालेल्या राष्ट्रीय सर्वेक्षणात १५ वर्षांवरच्या सुमारे ३१ टक्के लोकांमध्ये हा सुप्त संसर्ग आढळला होता.

मग गोळ्या कशाला? कारण संसर्ग झालेल्यांपैकी ५ ते १० टक्के लोकांना पुढे आयुष्यात कधीतरी खरा टीबी होतो, आणि त्यातला मोठा भाग पहिल्या दोन वर्षांतच. एचआयव्ही असेल तर धोका कितीतरी पटीने जास्त, मधुमेह असेल तर दोन ते तीन पट. प्रतिबंधक कोर्स नीट पुरा केला तर हा धोका ६० ते ९० टक्क्यांनी उतरतो. कोर्स मध्येच सोडून देणारेही असतात, आणि पुष्कळदा कारण औषधाचं नसतं. गोळ्या कामाच्या वेळापत्रकात बसवलेल्या नसतात, म्हणून त्या सुटतात.

गोळी सुरू करण्याआधी

खरा टीबी नाही याची खात्री झाल्याशिवाय पहिली गोळी घेऊ नका. चार गोष्टी विचारल्या जातात: खोकला, ताप, वजन घटणं, रात्री घाम येणं. घरात टीबीचा रुग्ण असेल तर खोकला चार दिवसांचा असला तरी सांगा, दोन आठवडे होण्याची वाट पाहू नका. छातीचा एक्स-रे काढून घ्या. लक्षण असेल किंवा एक्स-रेत डाग दिसला तर थुंकीची सीबीनॅट किंवा ट्रूनॅट तपासणी आधी, गोळ्या नंतर. अंगात खरा टीबी असताना एक-दोनच प्रतिबंधक औषधं चालू राहिली तर जंतू मरत नाहीत, उलट त्या औषधांना सरावतात आणि पुढचे उपचार अवघड होतात. सुट्टी मिळाली नाही म्हणून एक्स-रे टाळणं इथेच महागात पडतं.

घरातल्या रुग्णाचा थुंकीचा रिपोर्टही सोबत न्या. त्याचा टीबी साध्या औषधांना दाद देणारा आहे की रिफॅम्पिसिन या मुख्य औषधाला न जुमानणारा, यावर तुमचा कोर्स ठरतो. हे कुणी विचारलं नाही तर तुम्ही स्वतःहून सांगा.

मॉंटू टेस्ट सांगितली असेल तर वार बघून जा. हाताच्या पुढच्या भागावर, कातडीच्या आतल्या थरात एक लहानसं इंजेक्शन देतात आणि ४८ ते ७२ तासांच्या आत तिथली गाठ मोजतात. गुरुवारी टोचून घेतलं तर मोजण्याचा दिवस शनिवार-रविवारवर येतो. शनिवारी तुमची शिफ्ट, रविवारी केंद्र बंद. वेळ हुकली की टेस्ट वाया गेली, पुन्हा पहिल्यापासून. म्हणून सोमवार, मंगळवार किंवा बुधवार धरा. रात्रपाळीवाल्यांनी सकाळी सुटल्या सुटल्या थेट केंद्रावर जावं, घरी जाऊन झोपलं की दुपार होते आणि ओपीडी संपलेली असते.

गाठ कशी मोजतात हेही माहीत असू द्या. मोजायचा असतो तो कडकपणा, लाली नव्हे. बॉलपेन हाताच्या आडव्या दिशेने बाहेरून गाठीकडे सरकवत आणतात, जिथे अडतं तिथे खूण करतात, दुसऱ्या बाजूनेही तसंच, आणि दोन खुणांमधलं अंतर पट्टीने मिलिमीटरमध्ये मोजतात. साधारणपणे १० मिलिमीटर किंवा जास्त असेल तर पॉझिटिव्ह, एचआयव्ही असलेल्यांत ५. चार बोटं लाल झालंय पण हाताला कडक काही लागत नाही, तर ती पॉझिटिव्ह नाही. साय-टीबी नावाची नवी टेस्टही अशीच टोचून होते, फक्त तिची मर्यादा ५ मिलिमीटर, आणि लहानपणी घेतलेल्या बीसीजी लशीमुळे तिच्यात गोंधळ होत नाही. इग्रा रक्तातून होते, एकाच फेरीत काम होतं. खासगी लॅबमध्ये मात्र ती स्वस्त नाही. घरातल्या रुग्णाच्या संपर्कात असलेल्यांना टेस्ट उपलब्ध नसली तरी खरा टीबी नाही हे पाहून गोळ्या देता येतात, त्यामुळे टेस्टसाठी खिसा रिकामा करण्याआधी सरकारी केंद्रात विचारा. ठाणे आणि नवी मुंबई महापालिकेच्या आरोग्य केंद्रांतून ही औषधं राष्ट्रीय क्षयरोग निर्मूलन कार्यक्रमाखाली फुकट मिळतात.

कोणता कोर्स कामाला सोयीचा

प्रौढांसाठी मुख्यतः दोन कोर्स दिले जातात. पहिला, आयसोनियाझिड रोज एक ३०० मिलिग्रॅमची गोळी, सहा महिने. दुसरा, आयसोनियाझिड आणि रिफापेंटिन आठवड्यातून एकदा, एकूण १२ डोस. दुसऱ्यात डोस मोठा असतो: दोन्ही औषधं ९०० मिलिग्रॅम. एकत्र गोळी मिळाली तर तीन गोळ्या, सुट्या मिळाल्या तर रिफापेंटिनच्या १५०च्या सहा आणि आयसोनियाझिडच्या ३००च्या तीन, मिळून नऊ. एका वेळी नऊ गोळ्या बघून घाबरायला होतं आणि काहीजण ‘आज तीन, उद्या तीन’ अशी वाटणी करतात. तसं करू नका. पूर्ण डोस एकाच वेळी पोटात गेला पाहिजे.

आमचं मत विचाराल तर पाळीवर काम करणाऱ्याने, चालत असेल तर, साप्ताहिक कोर्स मागावा. बारा वेळा लक्षात ठेवणं हे १८२ वेळा लक्षात ठेवण्यापेक्षा सोपं. पण गरोदरपणात रिफापेंटिन देत नाहीत, आणि एचआयव्हीच्या काही औषधांबरोबर चालत नाही. तिथे रोजची आयसोनियाझिडच. सोबत बी-६ म्हणजे पायरिडॉक्सिन देतात. ती ‘ताकदीची गोळी’ समजून बाजूला ठेवू नका, हातापायाच्या नसा वाचवायला ती असते.

घरातल्या रुग्णाचा टीबी एमडीआर, म्हणजे रिफॅम्पिसिनसारख्या मुख्य औषधांना न जुमानणारा असेल तर लिव्होफ्लॉक्सॅसिन सहा महिने दिली जाते. हिचा कामाशी थेट संबंध आहे. या औषधाने स्नायूबंध, विशेषतः टाचेच्या वरचा, दुखावू शकतो. एपीएमसीत पाठीवर गोणी उचलणाऱ्या माथाडीने किंवा गोदामात दिवसभर चढ-उतार करणाऱ्याने टाच, गुडघा किंवा खांदा नव्याने दुखू लागला तर मलम चोळत काम रेटू नये. वजन उचलणं थांबवा आणि त्याच दिवशी डॉक्टरला दाखवा. ही गोळी दूध, कॅल्शियम, लोहाच्या गोळ्या आणि अँटासिड यांच्यापासून निदान दोन तास लांब ठेवा, नाहीतर ती अंगी लागत नाही.

डोसचा वार आणि वेळ

साप्ताहिक कोर्ससाठी वार निवडताना सुट्टीचा आदला दिवस निवडा आणि डोस रात्रीच्या जेवणाबरोबर घ्या. रिफापेंटिन भरल्या पोटी जास्त चांगलं शोषलं जातं. दुसरं कारण अधिक महत्त्वाचं: या कोर्समध्ये काहींना तापासारखी कणकण, अंगदुखी, डोकेदुखी, चक्कर असा त्रास होतो, बहुधा तिसऱ्या-चौथ्या डोसनंतर, गोळी घेतल्यापासून साधारण चार तासांनी, आणि दिवसभरात तो उतरतो. रात्री नऊला डोस घेतला तर जे व्हायचं ते झोपेत आणि सुट्टीच्या सकाळी होऊन जातं. तोच डोस सकाळी घेऊन माणूस क्रेनवर, टेम्पोच्या स्टिअरिंगवर किंवा परांचीवर चढला तर चक्कर नेमकी तिथे येते. चालक, क्रेन ऑपरेटर, उंचीवर काम करणारे यांनी ड्युटीआधी पहिले चार-पाच डोस अजिबात घेऊ नयेत.

सुट्टीचा वार दर महिन्याला बदलत असेल तर डोस तिच्या मागे पळवू नका. एक वार पक्का करा आणि त्यालाच चिकटा.

रोजच्या आयसोनियाझिडला रिकामं पोट हवं: जेवणाआधी एक तास किंवा जेवणानंतर दोन तास. इथे घड्याळाची वेळ ठरवली की पाळी बदलल्यावर सगळं विस्कटतं. दुसऱ्या पाळीत सकाळी सातला तुम्ही घरी असता, तिसऱ्या पाळीत कंपनीच्या गेटवर. त्यापेक्षा ‘झोपून उठल्यावर, तोंड धुतल्यावर’ असं एका कृतीशी बांधा. उठणं सकाळी असो की दुपारी तीनला, ते रोज होतंच. मळमळ होत असेल तर दोन बिस्किटांबरोबर घ्या, गोळी सुटण्यापेक्षा ते बरं. ॲसिडिटीचं औषध लागत असेल तर गोळीनंतर निदान एक तासाने.

गोळ्या पाकिटातच ठेवा. टेम्पोच्या डॅशबोर्डवर किंवा भट्टीजवळच्या लॉकरमध्ये त्या तापतात, पावसाळ्यात सुट्या काढून डबीत ठेवल्या तर दमट होतात.

डोस चुकला तर

साप्ताहिक डोस हुकला आणि दोन दिवसांत आठवला तर लगेच घ्या, पुढचा मूळ वारीच. त्याहून उशीर झाला तर आठवल्या दिवशी घ्या आणि तोच नवा वार धरा. दोन डोसांमध्ये चार दिवसांपेक्षा कमी अंतर नको, आणि चुकलेला भरून काढायला दुप्पट घेणं तर नकोच. १२ पैकी निदान ११ डोस १६ ते १७ आठवड्यांत झाले तर कोर्स पुरा धरतात. रोजच्या कोर्समध्ये १८२ पैकी किमान १४६ गोळ्या, साधारण आठ महिन्यांच्या आत. म्हणजे थोडी सवलत आहे. चार दिवस चुकले म्हणून ‘आता गेलंच सगळं’ असं मनात घेऊन पाकीट कपाटात टाकायचं काही कारण नाही.

डोस हमखास चुकू शकतात ते गणपतीत आणि शिमग्याला. आठ-दहा दिवस कोकणात गेलं की पाकीट ठाण्यात राहतं. निघण्याआधीच्या आठवड्यात केंद्रातून पुढचे डोस मागून घ्या. तुमची नोंद निक्षय या सरकारच्या टीबी पोर्टलवर असते, तिचा आयडी मोबाईलमध्ये फोटो काढून ठेवा. लांब मुक्काम पडला तर गावच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात त्याच आयडीवर पुढचं औषध चालू करता येतं. श्रावणातले उपास असतील तर साप्ताहिक डोसचा वार उपासाचा नसेल असा ठरवा, किंवा उपास सोडताना घ्या.

खाणं, पिणं, बाकीची औषधं

दारू पूर्ण बंद, कोर्स संपेपर्यंत. ही औषधं यकृतावर भार टाकतात आणि दारूही तिथेच टाकते. गटारीला ‘एकच दिवस’ म्हणून ज्याने घेतली त्याला कावीळ होईलच असं नाही, पण ज्यांना होते त्यांच्यात दारू घेणाऱ्यांचं प्रमाण जास्त असतं. रोज पिण्याची सवय असेल तर ते डॉक्टरपासून लपवू नका. आधी यकृताची रक्ततपासणी करून, मध्ये मध्ये तपासत, कोर्स देता येतो.

मासे खाणाऱ्यांसाठी एक गोष्ट आवर्जून. बांगडा, सुरमई, कुपा या जातीचा मासा बर्फाबाहेर राहिला की त्यात हिस्टामिन तयार होतं आणि शिजवूनही ते जात नाही. आयसोनियाझिड शरीरातली हिस्टामिन मोडण्याची यंत्रणा मंदावते. त्यामुळे जेवणानंतर थोड्याच वेळात चेहरा लाल होणं, डोकं ठणकणं, धडधड, अंगाला खाज असा त्रास होऊ शकतो. मासे सोडायची गरज नाही. ताजे घ्या, आणि संध्याकाळी उरलासुरला स्वस्तात मिळणारा बांगडा या काळात टाळा.

रिफापेंटिन इतर औषधांचा जोर कमी करतं. गर्भनिरोधक गोळी भरवशाची राहत नाही, कंडोम किंवा दुसरा उपाय करा. ग्लिमेपिराइडसारख्या मधुमेहाच्या गोळ्या, रक्तदाबाची ॲम्लोडिपिन, रक्त पातळ करण्याची वॉरफेरिन, यांचा डोस तपासून बदलावा लागू शकतो. आयसोनियाझिडमुळे फिटच्या फेनिटॉइनची पातळी वाढते. रोज जे काही घेता, मेडिकलवाल्याने दिलेलं किंवा आयुर्वेदिक काढाही, त्याचं पाकीट पहिल्या भेटीला पिशवीत घालून न्या.

रिफापेंटिनने लघवी लाल-केशरी होईल, घाम आणि अश्रूही. पांढऱ्या गणवेशावर डाग पडतात, मऊ कॉन्टॅक्ट लेन्स कायमच्या रंगतात, म्हणून तेवढे दिवस चष्मा वापरा. कंपनीत वार्षिक मेडिकल असेल तर लघवीचा नमुना देताना हे औषध चालू आहे असं सांगा, नाहीतर लघवीत रक्त असल्याचा संशय येऊन भलत्या तपासण्या मागे लागतात.

गोळी थांबवून डॉक्टर गाठण्याची लक्षणं

भूक एकदम मरणं, सतत मळमळ-उलटी, बरगडीखाली उजवीकडे दुखणं, लघवी चहासारखी गडद होणं, डोळे पिवळे होणं. यातलं काहीही दिसलं तर पुढची गोळी घेऊ नका आणि शिफ्ट संपायची वाट न पाहता केंद्रावर जा. रिफापेंटिनवर असाल तर लघवीचा रंग फसवतो, म्हणून डोळ्यांचा पांढरा भाग उजेडात आरशात बघा आणि भुकेवर लक्ष ठेवा. पूर्ण अंगाला पुरळ, श्वास अडकणं, उभं राहताच डोळ्यांपुढे अंधारी येऊन पडणं, हेही तसंच. स्वतःच्या मनाने पुन्हा सुरू करू नका. यकृताची तपासणी पाहून डॉक्टर ठरवतील.

तळपायात, बोटांत मुंग्या किंवा चटके येऊ लागले तर ते थकव्याचं समजून सोडू नका. वेल्डर, शिलाईवाले, असेंब्ली लाइनवर बारीक काम करणारे यांना बोटांची जाणीव हीच रोजीरोटी. बी-६चा डोस वाढवून बहुतेक वेळा हे आवरतं, लवकर सांगितलं तर.

कंपनीत काय सांगायचं

तुमच्यापासून कुणाला लागण होत नाही, त्यामुळे सहकाऱ्यांना सांगण्याचं बंधन नाही. सांगावंसं वाटलं तर एचआर किंवा फॅक्टरी मेडिकल ऑफिसरला सांगा, लाइनवरच्या सगळ्यांना नव्हे. ‘टीबी’ एवढाच शब्द फिरतो, ‘लेटेंट’ वाटेतच गळतो, आणि डबा वेगळा ठेवायला लागणारे लोक आजही आहेत. यात तुमची चूक नाही, पण कोर्सचे महिने शांततेत जावेत म्हणून कागद हातात असू द्या. डॉक्टरांकडून असं लिहून घ्या:

‘यांची क्षयरोग तपासणी दिनांक … रोजी झाली. छातीचा एक्स-रे निर्दोष असून क्षयरोगाची लक्षणे नाहीत. सध्या सक्रिय क्षयरोग नाही, यांच्यापासून इतरांना संसर्ग होत नाही. प्रतिबंधक उपचार चालू आहेत. नेहमीचे काम करण्यास योग्य.’

‘लेटेंट टीबी पॉझिटिव्ह’ एवढंच लिहिलेली चिठ्ठी घेऊ नका, तीच नंतर नडते. नव्या नोकरीच्या मेडिकलमध्ये, किंवा परदेशी नर्सिंगच्या कामासाठी इग्रा पॉझिटिव्ह आली तरी हाच कागद आणि एक्स-रे पुढे करायचा.

रजा फार लागत नाही: एक्स-रेचा दिवस, महिन्यातून एकदा औषधाची फेरी, कधी रक्ततपासणी. औषध घरातल्या दुसऱ्या कुणी किंवा आशाताईने आणून दिलं तर तीही फेरी वाचते, पण पहिल्या महिन्यानंतरची तपासणी स्वतः जाऊन करा.

कामाची जागा

दगडखाण, क्रशर, ग्रॅनाइट-फरशी कापणं, फाउंड्रीत सँड-ब्लास्टिंग, अशा ठिकाणी सिलिकाची धूळ फुप्फुसात बसते आणि दबलेल्या टीबीला डोकं वर काढायला वाट देते. सिलिकोसिस (या धुळीने होणारा फुप्फुसाचा आजार) असलेले लोक म्हणूनच प्रतिबंधक उपचाराच्या प्राधान्य गटात आहेत. तुम्ही असं काम करत असाल तर पहिल्या भेटीतच सांगा. तोंडाला रुमाल बांधून ही धूळ थांबत नाही. पाणी मारून कापणं आणि एन-९५ किंवा त्याहून वरचा नीट बसणारा मास्क, निदान एवढं हवं. कोर्स चालू असताना धूळ नसलेल्या विभागात बदली मिळत असेल तर मागा. बिडी-सिगारेटनेही टीबीचा धोका साधारण दुपटीने वाढतो.

वॉर्डात काम करणाऱ्या सिस्टर, वॉर्डबॉय यांना लेटेंट टीबीमुळे ड्युटी सोडावी लागत नाही. पण गोळ्या चालू आहेत म्हणून नव्याने लागण होणारच नाही असंही नाही, खोकणाऱ्या रुग्णाजवळ एन-९५ हवाच.

कोर्स संपल्यावर

पूर्ततेचा दाखला मागून घ्या आणि एक्स-रेसोबत जपा. मॉंटू किंवा इग्रा पुन्हा करू नका. उपचारानंतरही त्या वर्षानुवर्षं पॉझिटिव्ह राहू शकतात, त्यावरून कोर्स फसला असा अर्थ होत नाही. पुढे कुणी टेस्ट मागितली तर दाखला दाखवा आणि लागलाच तर एक्स-रे काढा.

लक्षणांकडे मात्र लक्ष राहू द्या, पहिली दोन वर्षं जास्त. खोकला, संध्याकाळचा बारीक ताप, पट्टा एक भोक आत जाणं, यातलं काही दिसलं तर थुंकी तपासा. खरा टीबी निघालाच तर तो बहुतेक वेळा सहा महिन्यांच्या औषधांनी बरा होतो, आणि मग रजेचा विषय खरोखर येतो. ईएसआयचं (कामगार राज्य विमा) कार्ड असेल, सलग दोन वर्षं नोकरी आणि मागच्या चार अंशदान कालावधींत (प्रत्येकी सहा महिने) किमान १५६ दिवसांचं अंशदान भरलेलं असेल, तर टीबीसाठी पगाराच्या ८० टक्क्यांपर्यंत विस्तारित आजारपण लाभ मिळू शकतो. औषध, नोंद किंवा जवळचं केंद्र याबद्दल अडलं तर निक्षय हेल्पलाइन १८००-११-६६६६ वर फुकट फोन लागतो.